लाटेवरचा दिवा आणि त्याचे तेल

प्रकाश दिसला की हात जोडावेत, ही आपल्या समाजाची फार जुनी सवय आहे. तिन्हीसांजेला देवापुढे समई लागली की घरातले लहान मूलही कोणी न सांगता हात जोडते. विजेचा दिवा लावतानासुद्धा नमस्कार करणारी वडीलधारी माणसे आपण सर्वांनीच पाहिली आहेत. गोमंतकातील देवालयांच्या प्रांगणांतून उभे असलेले दीपस्तंभ, मंगेशीचा तो सात मजली दीपस्तंभ, कार्तिकातील दीपोत्सव, सुवासिनींनी हाती धरलेली दिवजे, ही सारी एकाच श्रद्धेची रूपे होत. प्रकाश म्हणजे शुभ आणि अंधार म्हणजे अशुभ. प्रकाश म्हणजे ज्ञान आणि अंधार म्हणजे अज्ञान, हे समीकरण आपल्या भाषेत आणि प्रार्थनांत इतके मुरले आहे की त्याविषयी शंका घेणेही विचित्र वाटावे. तरीही ती शंका आज आम्ही वाचकांपुढे ठेवू इच्छितो. जो जो प्रकाश दिसतो, तो तो वंदनीयच असतो काय? आणि वंदन करण्यापूर्वी त्या प्रकाशाची चौकशी करणे हा श्रद्धेचा भंग ठरतो काय?

हा प्रश्न केवळ तर्कक्रीडेसाठी काढलेला नाही. आपल्याच पश्चिम किनाऱ्यावर तो अधूनमधून लाटांच्या रूपाने येऊन उभा राहतो. काळोख्या रात्री फुटणारी लाट एकाएकी निळसर तेजाने उजळते. वल्ह्याच्या प्रत्येक फटक्यासरशी पाण्यात ठिणग्या उडतात. ओल्या वाळूवर पाऊल टाकले की पावलाभोवती निळे वलय उमटते आणि क्षणात विझते. कोळ्यांना आणि खारव्यांना हे दृश्य पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक आहे. शहरवासीयांना मात्र ते अलीकडे नव्याने दिसू लागले. २०२० सालच्या नोव्हेंबरात महाराष्ट्राच्या आणि कर्नाटकाच्या किनाऱ्यांवरील अशा निळ्या लाटांची छायाचित्रे घरोघर पोहोचली, आणि ठिकठिकाणी लोक रात्री समुद्रावर गर्दी करू लागले. कोणी त्यास चमत्कार म्हटले, कोणी दैवी संकेत म्हटले, आणि बहुतेकांनी काहीच न म्हणता छायाचित्रे काढली.

या तेजाचा धनी कोण, हे आता चांगले ठाऊक झाले आहे. आपल्या किनाऱ्यावर तो पुष्कळदा नॉक्टिल्युका नावाचा एकपेशीय जीव असतो. नावाचा अर्थच रात्री प्रकाशणारा असा आहे. १८१० साली जेम्स मॅकार्टनी या शरीरशास्त्रज्ञाने त्याचे वर्णन केले, तेव्हा त्यास ठिणग्या उडविणारा या अर्थाचे विशेषण लावले. ते आजही त्याच्या शास्त्रीय नावात टिकून आहे. आकाराने तो मिलिमीटरच्या पाचव्या भागापासून दोन मिलिमीटरांपर्यंत असतो. म्हणजे त्यातला मोठ्यात मोठा जीव राजगिऱ्याच्या दाण्याहून फारसा मोठा नव्हे. देह फुग्यासारखा गोल व पारदर्शक, आणि त्यास एक लहानशी शुंडा. या देहात अतिसूक्ष्म कण विखुरलेले असतात. पाणी ढवळले, लाट फुटली किंवा एखाद्या भक्षकाचा स्पर्श झाला, की त्या कणांत रासायनिक क्रिया घडून निळा प्रकाश बाहेर पडतो. एका जीवाची ही चमक सेकंदाच्या दहाव्या भागापर्यंतही टिकत नाही. शास्त्रज्ञ या प्रकारास जीवदीप्ती म्हणतात. त्यात ज्वाला नाही आणि जाणवण्याजोगी उष्णताही नाही.

येथे एक गोष्ट ध्यानी ठेवण्याजोगी आहे. हा जीव स्वस्थ असताना उजळत नाही. त्यास धक्का बसला म्हणजे उजळतो. शास्त्रज्ञांचा एक तर्क असा आहे की, आपणांस खावयास आलेल्या भक्षकास प्रकाशात उघडे पाडावे, म्हणजे त्याहून मोठा भक्षक त्यास हेरील, यासाठी ही चमक असावी. चोर शिरताच घरच्या माणसाने आरडाओरड करावी, तसाच हा प्रकार. ज्यास आपण उत्सव समजतो, ती त्या जीवाच्या परीने हाकाटी असण्याचा संभव आहे.

आता वाचकांस आश्चर्य वाटेल अशी एक हकीकत सांगतो. या निळ्या लाटांच्या समुद्रावर जी डोळस नजर ठेवली जाते, तिचे एक मोठे ठाणे समुद्रकिनारी नाही; ते आमच्या या हैदराबाद नगरीत आहे. हैदराबाद हे दख्खनच्या पठारावरील शहर. कोणताही समुद्र येथून शेकडो किलोमीटर दूर. येथील मराठी आणि कोकणी घरांतून समुद्राची आठवण निघते ती बहुधा माहेरच्या किंवा कुलदेवतेच्या निमित्ताने. १९५६ साली मराठवाडा हैदराबाद राज्यातून निघून मुंबई राज्यात गेला. अनेक मराठी कुटुंबे मात्र येथेच राहिली, आणि कुलदैवतांच्या यात्रेसाठी कोकणाकडे व गोव्याकडे जात राहिली. अशा या नगरात १९९९ साली भारतीय राष्ट्रीय महासागर माहिती सेवा केंद्र स्थापन झाले. २००७ पासून त्सुनामीची पूर्वसूचना देण्याचे कामही हेच केंद्र करते. २०२१ साली त्याने समुद्रातील सूक्ष्म शैवालांच्या बहराची माहिती देणारी सेवा सुरू केली. उपग्रहांनी टिपलेल्या समुद्राच्या रंगावरून कोठे असा बहर आला आहे, हे तेथील शास्त्रज्ञ ओळखतात. ज्या भागांवर त्यांचे विशेष लक्ष असते, त्यांत अरबी समुद्राचा ईशान्य भाग, केरळचा किनारा, मन्नारचे आखात आणि ओडिशातील गोपाळपूरचा किनारा यांचा समावेश आहे.

सूक्ष्म जीवांकडे लक्षपूर्वक पाहण्याची ही परंपरा या भूमीस नवी नाही. येथूनच जवळ सिकंदराबादेत २० ऑगस्ट १८९७ रोजी रोनाल्ड रॉस यांनी डासाच्या पोटात हिवतापाचा जंतू पाहिला. शेकडो वर्षे जो ताप दूषित हवेने येतो असे लोक मानीत होते, त्याचा खरा वाहक अशा रीतीने उघड झाला. तेव्हाची नजर सूक्ष्मदर्शकातून खाली वाकली होती. आजची नजर आकाशातून खाली पाहते. दोन्ही ठिकाणी रीत एकच, की दृश्यावर न थांबता त्याच्या कारणाशी जावे.

उपग्रहाच्या नजरेत आणि किनाऱ्यावरील माणसाच्या नजरेत मोठे अंतर आहे. माणूस रात्री पाहतो आणि त्यास निळे तेज दिसते. समुद्राचा रंग टिपणारा उपग्रह दिवसा पाहतो आणि त्यास बहराचा हिरवा रंग दिसतो. हा हिरवेपणाही नॉक्टिल्युकाचा स्वतःचा नव्हे. उष्ण कटिबंधातील समुद्रांत आढळणाऱ्या त्याच्या एका प्रकारात, त्याच्या पारदर्शक देहाच्या पोकळीत हजारो सूक्ष्म हिरवी शैवाले राहतात; ती सूर्यप्रकाशावर अन्न तयार करतात आणि त्या अन्नात यजमानाचाही वाटा असतो. शिवाय हा यजमान इतर जीवांस गिळूनही खातो. अशा दुहेरी उपजीविकेमुळे इतरांचा निभाव लागत नाही अशा ठिकाणी त्याचा निभाव लागतो.

आणि नेमकी येथेच चिंतेस जागा आहे. पूर्वी उत्तर अरबी समुद्रात हिवाळी बहर मुख्यतः डायाटमांचा, म्हणजे मराठी विज्ञानग्रंथांत ज्यांस करंडक वनस्पती म्हणतात त्यांचा, असे. त्या वनस्पतींवर बारीक प्राणी जगत, त्यांवर मासे आणि माशांवर माणसे. या शतकाच्या आरंभापासून त्यांच्या जागी हिरव्या नॉक्टिल्युकाचे प्रचंड बहर दिसू लागले. त्यास खाणारे प्राणी थोडे. त्यांत जेलीफिश आणि सॅल्प यांसारख्या पारदर्शक, पाणचट जीवांचा भरणा. त्याच्या पेशीत अमोनिया साठतो. दाट बहर मरून कुजू लागला म्हणजे अमोनिया पाण्यात मिसळतो आणि पाण्यातील प्राणवायू घटतो. माशांस दोन्ही गोष्टी घातक. लाट जितकी तेजस्वी, तितके कोळ्याचे जाळे भरलेले, असा हिशेब येथे जुळत नाही.

हे असे का घडले? गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेत पूर्वी काम केलेल्या हेल्गा गोम्स आणि जोआकिम गोइश यांनी आपल्या सहकाऱ्यांसह २०१४ साली प्रसिद्ध केलेल्या निबंधात, या बहरांचे कारण समुद्रातील प्राणवायूच्या वाढत्या तुटवड्यात आहे, असे प्रतिपादन केले. २०२० साली त्यांनी आणखी एक दुवा मांडला. हिमालय व तिबेटच्या पठारावरील बर्फ घटल्याने हिवाळी वारे पूर्वीइतके थंड व जोरकस राहिले नाहीत. समुद्राचे पाणी त्यामुळे पुरेसे ढवळले जात नाही, आणि खालची पोषकद्रव्ये वर न आल्याने करंडक वनस्पतींची पीछेहाट होते. परंतु या दोन निबंधांच्या मधल्या काळात, २०१८ साली, आमच्या हैदराबादच्या केंद्रातील शास्त्रज्ञांनी इतरांच्या साह्याने वेगळा निष्कर्ष मांडला. ईशान्य अरबी समुद्रात त्यांनी तपासलेल्या बहरांचा प्राणवायूच्या तुटवड्याशी संबंध आढळला नाही. असा हा विद्वानांचा प्रामाणिक मतभेद आहे.

हा मतभेद आम्ही मुद्दाम विस्ताराने सांगितला. अशा प्रसंगी आपल्या मनास दोन घाई होतात, आणि दोन्ही सारख्याच घातक आहेत. पहिली घाई चमत्कार म्हणण्याची. पुराणांतील क्षीरसागर आपणांस ठाऊक आहे. आणि समुद्र दुधासारखा शुभ्र उजळल्याच्या हकीकती नाविकांनी अनेकदा लिहून ठेवल्या आहेत. १९९५ च्या जानेवारीत सोमालियाजवळून जाणाऱ्या लिमा नावाच्या जहाजाने असा समुद्र पाहिला, आणि पुढे दहा वर्षांनी शास्त्रज्ञांनी उपग्रहाच्या जुन्या चित्रांतून तोच प्रकाश शोधून काढला. त्याचा विस्तार सुमारे १५,४०० चौरस किलोमीटर होता. तो प्रकाश नॉक्टिल्युकाचा नव्हे, तर अखंड तेवणाऱ्या जीवाणूंचा मानला जातो. हे वाचून क्षीरसागराची कल्पना याच दृश्यावरून निघाली, असे कोणी ठणकावून सांगेल. त्यास आधार काही नाही. तेवढ्याने पुराणाची प्रतिष्ठा वाढत नाही आणि विज्ञानाचीही वाढत नाही.

दुसरी घाई शाप म्हणण्याची. निळी लाट दिसली की माणसाच्या पापाचा घडा भरला, असे म्हणून मोकळे होणेही सोपे आहे. पण हा जीव माणसाच्या सांडपाण्याहून कितीतरी प्राचीन. पावसाळ्यात व त्यानंतर खोल पाण्यातील पोषकद्रव्ये नैसर्गिकपणे वर येतात, तेव्हाही तो वाढतो. तेव्हा निळी लाट स्वतः पुण्यही नव्हे आणि पापही नव्हे. तिच्यात नीतीचा प्रश्न शिरतो तो आपण तिच्याकडे पाहतो तेव्हा.

तो कसा शिरतो, हे पाहण्यासाठी समुद्रावरून पुन्हा हैदराबादेस येऊ. येथील हुसेनसागर हा तलाव कुतुबशाहीत, १५६२ च्या सुमारास बांधला गेला. शहर वाढले तसे नाल्यांतून सांडपाणी त्यात येत राहिले, आणि त्यातील पोषकद्रव्यांवर शैवाले माजत राहिली. गणेशमूर्तींच्या विसर्जनाचाही प्रश्न आहेच. २०२१ साली तेलंगण उच्च न्यायालयाने प्लास्टरच्या मूर्ती तेथे विसर्जित करण्यास मनाई केली, आणि सर्वोच्च न्यायालयाने त्या वर्षापुरती अखेरची म्हणून सवलत दिली. आता निसर्गाची गंमत अशी की समुद्रातल्याप्रमाणे तेजाळणारे नॉक्टिल्युकाचे भाईबंद गोड्या पाण्यात आढळत नाहीत. म्हणून हुसेनसागर कितीही माजला तरी रात्री निळा उजळत नाही. त्यास केवळ दुर्गंधी येते. तेथे आपण नाकास पदर लावतो आणि नगरपालिकेस दोष देतो. समुद्र उजळला तर आपण मुलाबाळांस घेऊन पाहावयास जातो. पाण्याची प्रकृती दोन्हीकडे सारखीच बिघडलेली असू शकते. पण एकीकडे बिघाडास घाण येते आणि दुसरीकडे त्यास तेज चढते, एवढ्यावरून आपण एकास तिरस्कार देतो आणि दुसऱ्यास कौतुक. आपला न्याय कारणावर चालत नसून देखाव्यावर चालतो, याहून स्पष्ट पुरावा कोणता हवा?

आपल्या पूर्वजांस हा धोका ठाऊक नव्हता असे नाही. ईशोपनिषदातील ऋषीने सत्याच्या मुखावर झाकण आहे असे मानले, तेव्हा ते झाकण काळोखाचे म्हटले नाही. सोन्याचे म्हटले, आणि ते दूर करण्याची प्रार्थना केली. या एका कल्पनेचे चिंतन करावे तितके थोडे. अंधार सत्य झाकतो हे कोणीही सांगेल. झळाळीही सत्य झाकू शकते, हे सांगावयास ऋषीची दृष्टी लागते. प्रकाशाची पूजा करणाऱ्या परंपरेनेच प्रकाशाविषयी ही सावधगिरी शिकवली आहे.

व्यवहारातही आपली देवालये दिव्याचा हिशेब ठेवीत आली आहेत. चोळांच्या काळातील तमिळ शिलालेखांतून एका नंदादीपासाठी बहुधा ९६ मेंढ्या दान दिल्याच्या नोंदी सापडतात. त्या मेंढ्यांच्या दुधाच्या तुपावर तो दिवा अखंड तेवावा, ही व्यवस्था. आपल्या दख्खनमधील लेखांतूनही घाण्यामागे ठराविक तेल देवाच्या दिव्यास द्यावे, अशा तरतुदी कोरलेल्या आहेत. म्हणजे दिवा देवाचा, परंतु त्याचे तेल कोणत्या घाण्याचे आणि त्याचे तूप कोणाच्या कळपाचे, हे दगडावर लिहून ठेवण्याजोगे महत्त्वाचे मानले गेले. गाभाऱ्यातील ज्योतीस नमस्कार करणारा पुजारीच रोज समईतले तेल पाहतो, वातीची काजळी काढतो. तेल पाहताना त्याची भक्ती कमी झाली, असे आजवर कोणी म्हटलेले नाही.

येथे काही श्रद्धावान वाचक म्हणतील की, देवाच्या सृष्टीतील सौंदर्याचे असे पृथक्करण करीत बसल्याने मनातील विस्मय आटून जाईल. ही शंका आम्ही क्षुल्लक मानीत नाही. विस्मय आटलेला समाज देव तर गमावतोच, पण विज्ञानही गमावतो. कारण विस्मयावाचून शोध सुरूच होत नाही. परंतु आमचा अनुभव उलट आहे. राजगिऱ्याच्या दाण्याएवढ्या देहात हजारो पाहुण्यांस थारा देणारा, धक्का बसताच निळी ठिणगी टाकणारा हा जीव जाणून घेतल्यावर लाट अधिक अद्भुत वाटते, कमी नव्हे. चौकशीने नाहीसा होतो तो खोटा विस्मय. कारण पाहण्याचे कष्ट टाळण्यासाठी पांघरलेला.

मग त्या लाटेपुढे हात जोडू नयेत काय? आमच्या मते अवश्य जोडावेत. त्या जीवास आपल्या कौतुकाची खबर नाही आणि निंदेचीही नाही. तो आपल्या नेमाने जगतो. ज्या नियतीने त्याच्या देहात ही दीप्ती ठेवली तिला नमस्कार करणे योग्यच आहे. मात्र नमस्कार करून हात खाली आले म्हणजे त्याच हातांनी दुसरे काम करावयाचे उरते, आणि ते म्हणजे या दिव्यात आपण कोणते तेल घालीत आहो हे पाहणे. अरबी समुद्रातील दूरवरच्या बहरास आपण किती कारण आहो, याचा निवाडा शास्त्रज्ञ करतील. पण आपल्या दाराशी वाहणाऱ्या पाण्यापुरता निवाडा करण्यास त्यांची वाट पाहावी लागत नाही. हैदराबादचे सांडपाणी मुशी नदीतून कृष्णेस आणि कृष्णेतून बंगालच्या उपसागरास मिळते. गोमंतकातील मांडवी व जुवारी अरबी समुद्रास मिळतात. समुद्रापासून शेकडो किलोमीटर दूर राहणाराही समुद्रात काही ना काही ओततोच.

म्हणून आपल्या देवस्थानांच्या व्यवस्थापक मंडळींस आमची नम्र सूचना आहे. येत्या कार्तिकात दीपोत्सवाची तयारी करताना तेलाच्या डब्यांबरोबर आणखी एक नोंद वहीत करावी. देवळातील निर्माल्य शेवटी कोठे जाते? तीर्थाचे, अभिषेकाचे आणि अन्नसंतर्पणाच्या भांड्यांचे पाणी कोणत्या ओहोळास मिळते? धर्मशाळेच्या मोरीचे पाणी देवाच्या तळीत तर झिरपत नाही ना? या प्रश्नांची उत्तरे शोधण्यास उपग्रह लागत नाही आणि सूक्ष्मदर्शकही लागत नाही. मोरीपासून ओहोळापर्यंत पायी चालत जावे लागते. तेवढे चालून आल्यावर दीपस्तंभावर पहिली पणती लावावी.